‘जैसे थे’ म्हणजे कसें ?

नाशिकाहून उत्तरेस सुमारें २५ किलोमीटर गेलें म्हणजे दिंडोरी लागते. इतिहासाच्या वाचकांस हें नांव १६७० च्या ऑक्टोबरांत शिवाजी महाराजांनीं वणी-दिंडोरीच्या रणांत दाऊदखान कुरेशीचा जो पराभव केला त्यामुळें ठाऊक आहे. व्यापारी वाचकांस तें द्राक्षांमुळें ठाऊक आहे. आम्हांस आज या तालुक्याचें स्मरण होण्याचें कारण या दोहोंहून निराळें असून दिसण्यांत अगदींच क्षुल्लक आहे. तें कारण म्हणजे शेताचा बांध. कडवा, उणंदा व कोळवण या नद्यांच्या खोऱ्यांत पालखेड, करंजवण, वाघाड, ओझरखेड अशीं धरणें झालीं, जिरायत जमिनी बागायत झाल्या, आणि ज्या बांधावर एके काळीं बोरीबाभळीखेरीज कांहीं उगवत नसे त्याच्या लगतच्या दोन हात पट्टीस मोल आलें. ज्या पट्टींत पूर्वीं बाजरीच्या दोन ओळी मावत तींत आज द्राक्षवेलींची एक रांग उभी राहते. आणि वेलींची रांग म्हटली म्हणजे तिच्याबरोबर लोखंडी अँगल आले, ताणलेल्या तारा आल्या, ठिबकाच्या नळ्या आल्या व हें सर्व उभें करण्यासाठीं काढलेलें कर्जही आलें. अशा ठिकाणीं चार फुटांचा वाद हा चार फुटांचा राहत नाहीं.

बांधाचा तंटा आमच्या देशांत नवा नाहीं. पूर्वीं शिवेचा वाद पडला म्हणजे गोत बसे, महजर होई, शपथा होत, प्रसंगीं दिव्यही करावें लागे. आणि शीव कोठून कोठें जाते हें सांगण्यास गांवच्या महार वतनदाराची साक्ष प्रमाण मानीत. (ज्याच्या शब्दावर गांवाची सीमा ठरे त्यास त्याच गांवच्या पाणवठ्यावर मज्जाव असे, ही विसंगति त्या काळीं फारच थोड्यांस खुपली, हेंही येथें नमूद करणें अवश्य आहे.) पुढें १८३५ सालीं इंदापूर तालुक्यांत गोल्डस्मिड व विंगेट यांनीं जी पैमाष सुरू केली व १८४७ च्या संयुक्त अहवालानें जिचे नियम बांधले गेले, तिनें साक्षीची जागा नकाशास दिली. तेहतीस फुटांची साखळी, तिचे सोळा आणे, साखळी लांब व साखळी रुंद तेवढा गुंठा, आणि चाळीस गुंठ्यांचा एकर, हा हिशेब आजही शेतकऱ्याच्या जिभेवर आहे. त्यानंतर १९४७ चा तुकडेबंदी व एकत्रीकरणाचा कायदा आला, सर्व्हे नंबरांचे गट झाले, आणि कित्येक गांवीं सातबाऱ्यावरचें क्षेत्र एक, नकाशांतलें दुसरें व प्रत्यक्ष वहिवाटींतलें तिसरें अशी त्रेधा उडाली. हद्दीच्या पुष्कळ दाव्यांचें मूळ या त्रेधेंत आहे. शेजाऱ्याचा लोभ हें कारण नेहमींच असतें असें समजूं नये. ज्या वादांत दोन्ही पक्ष आपापल्या कागदाप्रमाणें प्रामाणिक असूं शकतात, त्या वादांत न्यायालयाचा पहिला हुकूम चुकण्याचा संभव फार. म्हणून तो हुकूम पुन्हा तपासून पाहण्याची सोय अशा दाव्यांत इतर कोणत्याही दाव्यांपेक्षां अधिक महत्त्वाची आहे.

हा पहिला हुकूम कसा निघतो तें पाहूं. दिंडोरीच्या दिवाणी न्यायालयांत दावा लावतांना वादी त्याच्यासोबतच तात्पुरत्या मनाईचा अर्ज देतो. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या एकोणचाळिसाव्या आदेशांत त्याचे नियम आहेत. न्यायाधीशानें तीन गोष्टी पाहावयाच्या: वादीचा पक्ष सकृद्दर्शनीं टिकण्यासारखा आहे काय, मनाई दिल्यानें व न दिल्यानें होणाऱ्या गैरसोयींचा तोल कोणीकडे झुकतो, आणि मनाई न मिळाल्यास पैशानें भरून न येणारें नुकसान होईल काय. सर्वोच्च न्यायालयानें १९९२ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका निकालांत या तिन्हीं कसोट्या पुन्हा विशद करून सांगितल्या असून कोणत्याही तालुका कोर्टांतील वकिलास त्या तोंडपाठ असतात. अडचण आहे ती निराळीच. या अवस्थेंत न्यायाधीशापुढें तपासलेला साक्षीदार नसतो. प्रतिज्ञापत्रें, सातबाऱ्याचे उतारे, भ्रमणध्वनीवर काढलेलीं चारदोन छायाचित्रें, एवढ्यावर त्यानें ठरवावयाचें असतें. आणि हद्दीच्या वादांत ज्या एका कागदानें उजेड पडावयाचा तो मोजणीचा नकाशा बहुधा तयार झालेला नसतो, किंवा झालेला असला तर एकाच पक्षाच्या सांगण्यावरून झालेला असतो.

एक उदाहरण घेऊं. तें कोणा एकाचें नव्हे. कल्पिलेलें आहे, पण तालुक्यांतील पुष्कळांस ओळखीचें वाटेल. सप्टेंबरच्या अखेरीस एक बागाईतदार अर्ज करतो कीं, शेजारी बांध कोरून आमच्या हद्दींत चार फूट शिरला असून आतां तेथें तारा ओढणार आहे. शेजारी हजर नाहीं. न्यायालय ‘पुढील तारखेपर्यंत उभय पक्षांनीं वादांतील जागेची स्थिति जैसे थे ठेवावी’ असा हुकूम देतें. हुकूम दिसावयास अगदीं निरुपद्रवी. परंतु ‘जैसे थे’ म्हणजे कसें ? वादी म्हणतो, बांध कोरण्यापूर्वीं होतें तसें. प्रतिवादी म्हणतो, हुकूम निघाला त्या दिवशीं होतें तसें, आणि त्या दिवशीं माझे अँगल उभे होते. हुकुमाची नक्कल दोघांच्याही खिशांत एकच. दोघेही ती पोलीस पाटलास दाखवून सांगतात कीं कोर्टानें आमचें म्हणणें मान्य केलें. पोलीस पाटील बिचारा दोन्ही नकला वाचतो व दोन्ही परत करतो.

मग तारखा सुरू होतात. वकीलपत्र दाखल होतें, कैफियतीस मुदत मागितली जाते, दिवाळीची सुट्टी येते. तेवढ्यांत ऑक्टोबरची छाटणी निघून जाते. छाटणीपासून द्राक्ष तयार होण्यास सुमारें चार ते साडेचार महिने लागतात, आणि ज्या रांगांत पाय ठेवण्याची मनाई झाली तेथील छाटणी चुकली म्हणजे तेथील त्या वर्षाचें पीक गेलें. पुढें मार्चांत न्यायालय म्हणालें कीं ही मनाई द्यावयास नको होती, तर त्या म्हणण्यानें गेलेला हंगाम परत येत नाहीं. आणि मनाई नाकारली गेली व ती नाकारणें चुकीचें होतें असें ठरलें, तर तोंवर शेजाऱ्याचे वेल मांडवावर चढलेले असतात व ते काढण्याची भाषा कोणी काढीत नाहीं. दोन्हीं बाजूंनीं अनुभव एकच: दावा दहा वर्षें चालो कीं पंधरा, गांवाच्या दृष्टीनें त्याचा निकाल पहिल्या हुकुमाच्या दिवशींच लागलेला असतो.

कायदा करणाऱ्यांस हें ठाऊक नव्हतें असें म्हणतां येणार नाहीं. १९७६ सालच्या दुरुस्तीनें, जी १९७७ च्या फेब्रुवारीपासून अंमलांत आली, संहितेंत कांहीं चांगल्या गोष्टी घातल्या गेल्या. प्रतिपक्षास नोटीस न देतां मनाई द्यावयाची तर तिचीं कारणें न्यायाधीशानें लिहिलीं पाहिजेत. अशी मनाई मिळवणाऱ्यानें अर्ज, प्रतिज्ञापत्र, दाव्याची प्रत व कागदपत्रें प्रतिपक्षास ताबडतोब पोंचवावीं किंवा नोंदणीकृत डाकेनें धाडावीं, व तसें केल्याचें प्रतिज्ञापत्र त्याच दिवशीं अथवा दुसऱ्या दिवशीं दाखल करावें. एकतर्फी हुकूम दिल्यापासून तीस दिवसांच्या आंत अर्जाचा निकाल लावण्याचा न्यायालयानें प्रयत्न करावा, व तो न लावतां आल्यास कां आला नाहीं हें लिहून ठेवावें. कोणी कळून सवरून खोटें किंवा दिशाभूल करणारें विधान करून एकतर्फी मनाई मिळवली असेल तर ती उठवावी. यांपैकीं एकही नियम दुर्बोध नाहीं. आमची तक्रार एवढीच आहे कीं त्यांतील ‘प्रयत्न करावा’ हे दोन शब्द बाकीच्या सर्व शब्दांवर भारी पडले आहेत.

हुकुमाच्या फेरतपासणीच्या वाटाही कायद्यानें आंखून दिल्या आहेत. पहिली वाट त्याच न्यायालयाची: ज्याच्याविरुद्ध मनाई झाली त्यानें ती उठवावी अथवा बदलावी असा अर्ज करावा. दुसरी वाट नाशिकच्या जिल्हा न्यायालयाची: मनाई दिली असो कीं नाकारली असो, त्या हुकुमावर तीस दिवसांत अपील करतां येतें. एकतर्फी हुकुमाविरुद्ध या दोहोंपैकीं कोणतीही वाट धरतां येते, आणि खालच्या न्यायालयानें तीस दिवस उलटूं दिले तर तेथील अर्ज पडून असतांही अपील चालेल व वरच्या न्यायालयानें त्या दिरंगाईची दखल घेतली पाहिजे, असें सर्वोच्च न्यायालयानें २००० सालीं स्पष्ट सांगितलें. हा निकाल तालुक्याच्या पक्षकारांस जितका ठाऊक असावा तितका नाहीं. ‘खालीं अर्ज चालू आहे, तोंवर थांबा’ या सल्ल्यावर लोक सहा सहा महिने थांबतात.

पूर्वीं तिसरीही एक वाट होती. प्रत्येक लहानमोठ्या मध्यंतरीच्या हुकुमावर मुंबईच्या उच्च न्यायालयाकडे पुनर्निरीक्षणाचा अर्ज करून मूळ दावा अडकवून ठेवतां येई. २००२ च्या जुलैपासून ती वाट फार अरुंद करण्यांत आली. आतां अपिलाच्या निकालानंतर राज्यघटनेच्या २२७ व्या अनुच्छेदाखालीं उच्च न्यायालयाच्या देखरेखीच्या अधिकाराचा आश्रय घ्यावा लागतो, व तो अधिकार स्वभावतःच जपून वापरावयाचा आहे. हा बदल आम्हांस पसंत आहे. मुंबईस जाण्यायेण्याचा व मोठ्या वकिलाचा खर्च ज्यास झेपतो त्याच्याच हातीं कज्ज्याची लगाम राहावी हें इष्ट नव्हतें.

परंतु अपिलाविषयीं एक गोष्ट लोकांच्या ध्यानीं येत नाहीं. वँडर कंपनी व अँटॉक्स कंपनी यांच्यामधील वादांत १९९० सालीं सर्वोच्च न्यायालयानें जो दंडक घालून दिला त्याप्रमाणें, खालच्या न्यायाधीशानें आपल्या विवेकबुद्धीनें दिलेला तात्पुरता हुकूम केवळ ‘आम्हीं निराळा दिला असता’ एवढ्यावरून अपिलांत फिरवावयाचा नसतो. तो मनमानी असेल, लहरी असेल, पुराव्याशीं विसंगत असेल किंवा मान्य तत्त्वें सोडून दिलेला असेल तरच वरच्या न्यायालयानें हात घालावा. तो वाद बांधाचा नसून औषधांवरील एका व्यापारचिन्हाचा होता, पण दंडक सर्वत्र लागू झाला आहे. तत्त्व म्हणून तो रास्त आहे. नाहींपेक्षां जिल्हा न्यायालयांत प्रत्येक मनाईचा नव्यानें खेळ मांडला जाईल. मात्र त्याचा अर्थ असा होतो कीं, दिंडोरीस जो हुकूम निघाला तो नाशिकास बहुधा कायम राहणार. अपिलाचें दार उघडें आहे म्हणून पहिल्या हुकुमांत थोडी ढिलाई चालेल, असें ज्यांस वाटतें त्यांनीं हा दंडक पुन्हा वाचावा.

आमच्या महाराष्ट्रानें तर या बाबतींत स्वतःच्या हातानें एक अडथळा उभा केला होता. १९७७ सालीं संहितेंत आपल्या राज्यापुरतें ‘९-अ’ हें कलम घालण्यांत आलें. मनाईच्या अर्जाच्या सुनावणीच्या वेळीं प्रतिवादीनें न्यायालयाच्या अधिकारासंबंधीं हरकत घेतली तर ती हरकत आधीं निकालांत काढावयाची, आणि तोंवर न्यायालयास योग्य वाटेल तो तात्पुरता हुकूम देतां यावा, असें तें कलम होतें. हेतु चांगला होता. परिणाम असा झाला कीं हरकतीवर साक्षीपुरावा, हरकतीच्या निकालावर पुन्हा वरच्या न्यायालयाकडे धांव, आणि तोंवर ‘तात्पुरता’ हुकूम वर्षानुवर्षें जागच्या जागीं. शेवटीं २०१८ सालीं विधिमंडळानें तें कलम रद्द केलें. चाळीस वर्षें चाललेली चूक दुरुस्त झाली हें ठीकच. ती चूक आहे हें कळण्यास चाळीस वर्षें लागावीं हें मात्र कोणत्याही विधिमंडळास भूषणावह नाहीं.

घड्याळाच्या बळावर हा प्रश्न सोडवण्याचाही एक प्रयत्न होऊन गेला. उच्च न्यायालयांनीं खालच्या खटल्यांस व दाव्यांस दिलेली स्थगिती सहा महिन्यांनंतर, कारण दाखवून वाढवली नसल्यास, आपोआप संपुष्टांत येईल, असें सर्वोच्च न्यायालयानें २०१८ च्या मार्चांत ठरवलें. तें तत्त्व पांच न्यायाधीशांच्या पीठानें २९ फेब्रुवारी २०२४ रोजीं फिरवलें. ज्या पक्षकाराची कांहीं चूक नाहीं त्याचें संरक्षण केवळ न्यायालयास वेळ मिळाला नाहीं म्हणून गळून पडावें, हें न्याय्य नाहीं, असा त्या निकालाचा मथितार्थ. आम्हांस हा दुसरा निकालच बरोबर वाटतो. तथापि त्यामुळें न्यायाधीशावरील भार वाढला आहे हें विसरूं नये. हुकूम आपोआप पडणार नसेल तर तो कोणीतरी वेळेवर हातांत घेऊन तपासलाच पाहिजे.

आतां मूळ मुद्द्याकडे येऊं. हद्दीच्या दाव्यांत तपासावयाचें काय ? इतर दाव्यांत न्यायाधीशास मनुष्यांच्या बोलण्याची पारख करावी लागते. येथें जमीन जाग्यावर आहे, नकाशा सरकारी दप्तरांत आहे, आणि दोहोंचा मेळ घालून दाखवणारा मोजणीदार तालुक्याच्याच भूमि अभिलेख कार्यालयांत बसलेला आहे. संहितेच्या सव्विसाव्या आदेशाप्रमाणें न्यायालयास कोर्ट कमिशनर नेमून जागेची पाहणी व मोजणी करवून घेतां येते. हद्दीचा वाद असेल तर कमिशनर नेमून मोजणी करवावी, असें सर्वोच्च न्यायालयानें हरियाणा वक्फ मंडळाच्या प्रकरणीं २००८ सालीं म्हटलें, व मुंबईच्या उच्च न्यायालयानेंही तशाच आशयाचे निकाल दिले आहेत. असें असतां कमिशनरचा अर्ज आला कीं लगेच हरकत निघते: ‘पक्षकारास पुरावा गोळा करून देणें हें कमिशनरचें काम नव्हे.’ ताबा कोणाचा हें कमिशनरनें ठरवूं नये, ही गोष्ट खरी. पण बांध कोठें आहे, नकाशाप्रमाणें कोठें असावयास हवा, दोहोंत किती फूट अंतर आहे, आणि त्या अंतरांत आज काय उभें आहे, एवढें टिपून आणण्यानें कोणाचा पुरावा गोळा होतो ? तो जागेचा पुरावा आहे, व जागा दोघांच्याही डोळ्यांसमोर आहे.

म्हणून आमची सूचना अशी आहे. हद्दीच्या दाव्यांत ‘जैसे थे’ असा हुकूम द्यावयाचा झाल्यास तो देतांनाच कमिशनर नेमावा, व जागा कशी आहे याची नोंद आठ-दहा दिवसांत उभय पक्षांसमक्ष करवून ती हुकुमास जोडावी. पूर्ण मोजणीस वेळ लागेल; लागो. पहिल्या नोंदीस शास्त्रशुद्ध मोजणीची गरज नाहीं. बांधाची आजची रेघ, विहीर, बोअर, मांडवाचा शेवटचा अँगल, जुना हद्दीचा दगड असल्यास तो, आणि या प्रत्येकापासूनचीं अंतरें, इतकें कागदावर आलें कीं ‘जैसे थे’ या शब्दांस अर्थ येतो. मनाई मोडली म्हणून उद्यां कोणी तक्रार केली, आणि मनाई मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त करण्याचा व त्यास तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगांत ठेवण्याचा अधिकार कायद्यानें न्यायालयास दिलेला आहे, तर काय मोडलें हें दाखवण्यास आधार लागेल. आज तो आधार नसल्यामुळें मनाईभंगाचा अर्ज हा दुसरा दावाच होऊन बसतो. अपिलांतही वरच्या न्यायाधीशास हाच कागद उपयोगीं पडेल. नकाशाशिवाय केलेली फेरतपासणी म्हणजे एका प्रतिज्ञापत्राची दुसऱ्या प्रतिज्ञापत्राशीं तुलना.

मोजणीवर आमची आंधळी श्रद्धा नाहीं, हेंही सांगून टाकतों. साखळी व प्लेन टेबल जाऊन आतां इलेक्ट्रॉनिक यंत्रें व उपग्रहाच्या आधारानें चालणारे रोव्हर आले. यंत्र सेंटिमीटर सांगतें. ज्या नकाशाशीं तें ताडून पाहावयाचें तो मात्र साखळीच्या काळांतला, घड्या पडलेला, पुन्हा पुन्हा नकलून काढलेला. त्यामुळें नव्या यंत्रानें निघालेली रेघ जुन्या बांधापासून चार हात सरकली तर ती शेजाऱ्यानें सरकवली असें लगेच म्हणूं नये. मोजणी मान्य नसल्यास वरिष्ठ अधिकाऱ्याकडून ‘निमताना’ मोजणी मागतां येते. शिवाय नकाशावर कोणाचा हक्क कितीही शाबीत होवो, ज्याची वहिवाट शांतपणें व दीर्घकाळ चालत आली आहे त्यास मालकानेंही स्वतःच्या दंडेलीनें हुसकूं नये, हें तत्त्व सर्वोच्च न्यायालयानें शेजारशेजारच्या दोन जमिनींच्याच एका वादांत उचलून धरलें असून तो निकाल २००४ सालीं प्रसिद्ध झाला आहे. दुसऱ्या बाजूनें, गोव्यांतील एका घराच्या ताब्याच्या दाव्यांत २०१२ सालीं त्याच न्यायालयानें बजावलें कीं, ताबा सांगणाऱ्यानें तो केव्हांपासून, कोणत्या नात्यानें व कोणत्या कागदाच्या आधारें हें तपशीलवार मांडलें पाहिजे. मोघम विधानावर मनाई मागूं नये. हे दोन निकाल एकत्र वाचले असतां मनाईच्या अर्जांत काय लिहावें व काय तपासावें याचा उत्तम धडा मिळतो.

दारें एकापेक्षां अधिक असणें हाही एक घोटाळा आहे. १९०६ चा मामलेदार कोर्टांचा कायदा अजून चालू आहे. शेतजमिनीचा ताबा, वहिवाटीचा रस्ता किंवा पाण्याचा ओघ यांस अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांत तहसीलदाराकडे दाद मागतां येते व तोही मनाई देऊं शकतो. त्यावर अपील नाहीं, जिल्हाधिकाऱ्याकडे पुनर्निरीक्षण आहे, आणि सर्वांवर दिवाणी न्यायालयाचा अंतिम निकाल आहे. सर्व्हे नंबरांच्या हद्दी ठरवण्याचा अधिकार १९६६ च्या जमीन महसूल संहितेनें महसूल खात्याकडे दिला आहे. मारामारीचा संभव दिसल्यास कार्यकारी दंडाधिकारी पूर्वीच्या १४५ व्या व आतां नागरिक सुरक्षा संहितेच्या १६४ व्या कलमाखालीं ताब्यापुरता हुकूम काढतो. परिणामीं एकाच बांधावर तीन कचेऱ्यांचे तीन तात्पुरते हुकूम येऊं शकतात. ज्याच्या हातीं जो आला तो तो फडकवतो. प्रत्येक अर्जांत ‘याच जागेबाबत अन्य कोठें कोणता हुकूम झाला आहे’ हें प्रतिज्ञेवर लिहून घेण्याची सक्ति केली, आणि लपवणाऱ्याची मनाई तेवढ्याच कारणानें उठवली, तरी यांतील पुष्कळ लबाडी बंद पडेल.

शहरवासी वाचकांनीं हा शेतकऱ्यांचाच प्रश्न आहे असें समजण्याचें कारण नाहीं. पेठेंत सामायिक भिंत आहे, दुकानापुढचा ओटा आहे, पन्हळीचें पाणी ज्या बोळांत पडतें तो बोळ आहे. पावसाळ्यापूर्वीं जुनी भिंत उतरवून नवी उभारावी म्हणून व्यापाऱ्यानें कर्ज काढलेलें असतें, पाया खोदलेला असतो, आणि शेजाऱ्याचा ‘जैसे थे’ येतो. मग उघड्या पायांत पाणी सांचतें व बँकेचें व्याज मात्र वाढत राहतें. पुष्कळ गावठाणांत तर घरांच्या हद्दींचा सरकारी नकाशाच नव्हता. २०२० च्या एप्रिलांत सुरू झालेल्या स्वामित्व योजनेखालीं ड्रोनच्या साहाय्यानें गावठाणांची मोजणी करून मिळकत पत्रिका देण्याचें काम हातीं घेतलें गेलें, तेव्हां कोठें तेथें नकाशाची पायाभरणी झाली. ज्यांच्या गांवीं चौकशी अधिकारी येईल त्यांनीं त्या दिवशीं जातीनें हजर राहून आपल्या भिंतीची नोंद डोळ्यांखालून घालावी. पुढें दावा झाल्यास पहिल्या हुकुमाच्या वेळीं हीच नोंद पुढें येणार आहे.

एकतर्फी हुकुमाचा मार कोणास बसतो हेंही पाहिलें पाहिजे. जो कचेरींत रोज बसूं शकतो त्यास तो बसत नाहीं. वाटणीनंतर दिराशीं बांध लागलेली विधवा, चाकरीसाठीं पुण्यामुंबईस गेलेला धाकटा भाऊ, अज्ञान वारस, कोरडवाहू दोन एकरांचा आदिवासी खातेदार, यांस हुकुमाची पहिली बातमी बांधावरच्या जेसीबीच्या आवाजानें कळते. मे महिन्याच्या किंवा दिवाळीच्या सुट्टीच्या तोंडावर, म्हणजे पुढची तारीख आपोआपच लांब पडेल अशा बेतानें, अर्ज आणण्याची युक्ति वकीलवर्गास अपरिचित नाहीं. त्या वर्गांतील सज्जनांनींच तिचा निषेध केला पाहिजे. सुट्टीच्या आधींच्या आठवड्यांत दिलेल्या एकतर्फी मनाईची पुढील तारीख सुट्टी संपल्याच्या पहिल्याच आठवड्यांत ठेवावी, हा नियम करण्यास नवा कायदाही लागत नाहीं.

पक्षकारांच्या स्वतःच्या हातींही कांहीं साधनें आहेत. शेजारी दावा करणार असा वास आला कीं न्यायालयांत ‘कॅव्हेट’ दाखल करून ठेवावें; तें नव्वद दिवस चालतें, व त्या मुदतींत आपणांस नोटीस दिल्यावांचून अर्जावर हुकूम व्हावयाचा नाहीं. अपुऱ्या कारणावर मनाई आणून नुकसान केल्याबद्दल पन्नास हजार रुपयांपर्यंत भरपाई त्याच न्यायालयांत मागतां येते. आजच्या द्राक्षबागेच्या खर्चापुढें ही रक्कम तुटपुंजी आहे आणि ती वाढवली पाहिजे, पण आहे तेवढी तरी कोणी मागितली पाहिजे. आणि ज्यांच्या जमिनींचा ताबा वर्षानुवर्षें एकमेकांकडे अदलाबदल होऊन बसला आहे त्यांच्यासाठीं राज्य सरकारनें २०२३ च्या जानेवारींत ‘सलोखा’ योजना आणली, जींत बारा वर्षांचा परस्पर ताबा असल्यास केवळ एक हजार रुपये मुद्रांक शुल्क व एक हजार नोंदणी फी घेऊन अदलाबदलीचा दस्त करून देण्याची सोय केली. दोन्हीं बाजूंच्या वकिलांची पहिल्या तारखेची फीही कदाचित् याहून अधिक असेल.

राहतां राहिला वेळेचा प्रश्न. ‘हद्द कायम’ मोजणीचा अर्ज लोक देतात तो भांडण झाल्यावर, म्हणजे पावसाळा उलटून शेतांत पीक उभें असतां. त्या वेळीं बांध गवतांत बुडालेला, जुने दगड दिसेनासे झालेले, मोजणीदारास उभ्या पिकांत पाय टाकण्यास मज्जाव. द्राक्षाची तोड संपल्यापासून पाऊस पडेपर्यंत, म्हणजे मार्चअखेरपासून जूनच्या आरंभापर्यंत, बांध उघडा असतो. नाशिकच्या जिल्हा न्यायालयानें आपल्या हाताखालच्या न्यायालयांतील हद्दीच्या दाव्यांची यादी दर फेब्रुवारींत काढावी, ज्यांत कमिशनरचें काम राहिलें आहे तीं प्रकरणें भूमि अभिलेख कार्यालयास एकत्र कळवावीं, आणि त्या दोन महिन्यांत मोजण्या उरकून घ्याव्या. नकाशे जूनपर्यंत दप्तरीं आले, तर मनाई ठेवावयाची कीं उठवावयाची याचा निर्णय ऑक्टोबरची कात्री लागण्यापूर्वीं होण्यास तीन महिने शिल्लक राहतात.